सुवाच्यता राहते कुठे? जपानी टंकांच्या निवडीविषयी

विषयाचं नाव वाचून काहींना वाटलं असेल, की तत्त्वज्ञानाचा मास्तर जपानी अक्षरांच्या फंदात कशाला पडला? कारण साधं आहे. निवृत्तीनंतर निशिदा किटारो मूळ भाषेत वाचायचा असं मनात आलं, म्हणून मी जपानी शिकायला लागलो. पुण्यात जपानी शिकणाऱ्यांना तोटा नाही. वर्गात माझ्या नातीच्या वयाची मुलंमुली होती. त्यातले बरेच जण आज जपानी ग्राहकांसाठी माहितीपत्रकं, पुस्तिका, सॉफ्टवेअरचे पडदे तयार करतात. आणि दोन-चार महिन्यांनी कोणीतरी फोन करून तोच प्रश्न विचारतं: "सर, जपानीसाठी वाचायला सोपा आणि सगळ्यांना चालेल असा फाँट कुठला?"

आजचं बोलणं म्हणजे या प्रश्नाची समीक्षा आहे. उत्तराकडे नंतर येऊ. माझी तक्रार आधी प्रश्नाशीच आहे.

प्रश्नाची रचना बघा. 'वाचायला सोपा फाँट' असं आपण म्हणतो तेव्हा सुवाच्यता हा त्या फाँटचा गुण आहे असं गृहीत धरतो. फूल लाल असतं, साखर गोड असते, तसा फाँट सुवाच्य असतो. दुकानात जायचं आणि ज्याच्यात तो गुण आहे तो माल उचलायचा. आता वैशेषिकांनी चोवीस गुण मोजले आहेत. रूप, रस, गंध ही त्यातली ओळखीची नावं. पण त्याच यादीत 'संयोग' नावाचा एक गुण आहे आणि तो मजेशीर आहे, कारण तो एका द्रव्यात राहतच नाही. त्याला दोन द्रव्यं लागतात. हात आणि पुस्तक यांचा संयोग नुसत्या हातात नसतो, नुसत्या पुस्तकात नसतो. सुवाच्यता या जातीची आहे असं माझं म्हणणं आहे. ती कागद आणि डोळा या दोघांत मिळून राहते. डोळा बदलला, अंतर बदललं, वाचण्याचं कारण बदललं, की कागद तोच असून ती निघून जाते. हे एकदा मान्य केलं की 'सगळ्यांना चालेल असा' हे शब्द किती भाबडे आहेत ते कळायला लागतं.

जपानी लिपीची थोडी ओळख करून देतो. ज्यांना माहीत आहे त्यांनी दोन मिनिटं सहन करावं. एकाच वाक्यात तीन प्रकारची चिन्हं एकत्र नांदतात. कांजी, म्हणजे चीनमधून आलेली अर्थचिन्हं. हिरागाना, म्हणजे कुंचल्याच्या धावत्या लेखनातून घडलेली गोलसर अक्षरं. आणि काताकाना, टोकदार, परकीय शब्दांसाठी वापरली जाणारी. सरकारी जोयो यादीतली कांजीच २०१० च्या सुधारणेनंतर २१३६ आहेत. आणि व्यावसायिक टंक करायचा तर तेवढ्यावर भागत नाही. अडोबीच्या जपानी संचाची जी पातळी बहुतेक टंकशाळा किमान मानतात, तिच्यात ९३५४ आकृत्या आहेत. एकेक आकृती माणसाने बघून मंजूर करायची. आपल्याकडे शे-दोनशे जोडाक्षरांनी माणूस दमतो!

घराणी मुख्यतः दोन. मिंचो आणि गॉथिक. मिंचो म्हणजे मिंग राजवटीच्या नावाचं वळण. उभ्या रेषा जाड, आडव्या बारीक, आणि आडव्या रेषेच्या उजव्या टोकाला एक छोटा त्रिकोण. त्या त्रिकोणाला जपानी कारागीर 'उरोको' म्हणतात, उरोको म्हणजे माशाचा खवला. कुंचला थांबवताना जो दाब पडतो त्याची ती आठवण आहे. गॉथिकमध्ये हे काही नाही, सगळ्या रेषा जवळजवळ सारख्या जाडीच्या. १८६९ साली नागासाकीच्या मोतोगी शोझो यांनी शांघायच्या मिशन छापखान्यातून आलेल्या विल्यम गँबल यांच्याकडून खिळे पाडण्याची नवी पद्धत शिकून घेतली आणि आधुनिक जपानी मिंचो खिळ्यांचा मार्ग तिथून सुरू झाला. जाता जाता सांगतो, त्याच साली मुंबईत जावजी दादाजींनी निर्णयसागर छापखाना काढला. दोन्हीकडे प्रश्न एकच होता, हजारो जटिल आकृत्या शिशात कशा बसवायच्या. पण तो वेगळ्या व्याख्यानाचा विषय आहे.

आता 'सुवाच्य' या आपल्या एका शब्दाच्या पोटात जपानी टंककार तीन शब्द वेगळे काढतात, ते मला फार आवडले. शिनिनसेई म्हणजे अक्षर नजरेला चटकन सापडणं. हांदोकुसेई म्हणजे हे अक्षर त्या दुसऱ्या अक्षरासारखं न वाटणं, ओळखीत घोटाळा न होणं. आणि कादोकुसेई म्हणजे मजकूर सलग वाचवत जाणं, न थकता. पाटी, गोळ्यांचं पाकीट आणि कादंबरी अशी तीन चित्रं डोळ्यांसमोर आणा, फरक कळेल. आपली अडचण अशी की ही तीन मूल्यं एका दिशेने जात नाहीत. एक वाढवलं की दुसरं कमी होऊ शकतं. आणि बाजारात मात्र एकच चिठ्ठी चिकटवून तिन्ही एकदम विकली जातात.

ती चिठ्ठी म्हणजे 'यूडी'. युनिव्हर्सल डिझाइन. २००६ साली इवाता या टंकशाळेने पॅनासोनिकच्या सोबतीने पहिला यूडी टंक बाजारात आणला. उगम अगदी घरगुती आहे. रिमोट, धुलाईयंत्र असल्या वस्तूंवरची बारीक अक्षरं म्हाताऱ्या माणसांना वाचता येईनात, तिथून तो विचार सुरू झाला. २००९ मध्ये मोरिसावा कंपनीने आपल्या १९९० च्या 'शिन गो' या गॉथिकवरून 'यूडी शिन गो' केला. मग प्रत्येक टंकशाळेने आपला काढला.

या टंकांमध्ये काय काय केलंय ते बघण्यासारखं आहे, आणि इथे मी टीकाकाराची टोपी काढून ठेवून दाद देणार आहे. कांजीत चौकोन असतात, तोंड, डोळा, सूर्य, सगळे चौकोनच. पारंपरिक गॉथिकमध्ये त्या चौकोनाच्या खालच्या दोन कोपऱ्यांना रेषा थोड्या खाली उतरलेल्या असतात. त्यांना 'गेता' म्हणतात, म्हणजे जपानी लाकडी खडावा. अक्षराने खडावा घातल्यात! यूडी टंकांनी अनावश्यक खडावा काढून टाकल्या. दुसरं, अक्षराच्या आतली मोकळी जागा. तिला 'फुतोकोरो' म्हणतात. किमोनोच्या छातीपाशी जी घडीची पोकळी असते, जिथे माणूस पैशाची पिशवी ठेवतो, ती. ती पोकळी मोठी केली. आणि तिसरं सगळ्यात महत्त्वाचं. जपानीत 'हा'च्या डोक्यावर दोन तिरके फटके दिले की 'बा' होतो आणि बारीक वर्तुळ दिलं की 'पा' होतो. लहान आकारात फटके आणि वर्तुळ यांचा एकच ठिपका दिसतो. यूडीत ही चिन्हं मोठी केली आणि अक्षरापासून सुटी केली. ३, ६, ८, ९ या आकड्यांची तोंडं उघडली, म्हणजे पुसट झाले तरी तीनाचा आठ होऊ नये. हे काम खरं आहे. यात जाहिरात नाही, विचार आहे.

माझी हरकत पुढच्या पायरीवर आहे. या 'यूडी' शब्दाला कुठल्याही सरकारी वा सामाईक मानकाचा आधार नाही. हा यूडी आणि हा नाही असं ठरवणारी तटस्थ संस्था नाही. प्रत्येक टंकशाळा आपली व्याख्या आपण करते. काही कंपन्यांनी विद्यापीठांकडून चाचण्या करून घेतल्या आहेत, ते चांगलंच आहे. पण चाचणी दाखवली की विचारावं, तुम्ही मोजलंत काय? वाचनाचा वेग, चुका, की 'कुठला आवडला' याची हातवारी? कोणत्या आकारात, किती ओळी? पंधरा शब्दांवरचा निष्कर्ष अडीचशे पानांना लावता येत नाही, हे तर्कशास्त्राच्या पहिल्या वर्षाला शिकवतात.

आणि चिठ्ठी एकदा हाताशी आली की माणूस विचार थांबवतो. जपानमध्ये अपंगत्वावरून होणारा भेदभाव दूर करण्याचा कायदा २०१३ मध्ये झाला, २०१६ पासून लागू झाला, आणि वाजवी सोय करून देणं हे २०२४ पासून खासगी व्यवसायांनाही बंधनकारक झालं. त्यामुळे पत्रकाच्या तळाशी 'यात वाचायला सोपा यूडी टंक वापरला आहे' अशी ओळ छापायची पद्धत पडली आहे. माझ्याकडे अशी एक पुस्तिका आहे, कोणाची ते सांगत नाही. फिकट करड्या रंगात, ओळी एकमेकींच्या अंगावर पडलेल्या, आणि ती यूडीची ओळ वाचायला मला भिंग घ्यावं लागलं. (हशा) हसू नका, हे गंभीर आहे. टंक निर्दोष होता. पण टंकाच्या नावावर बाकी सगळ्या जबाबदाऱ्या माफ करून घेतल्या होत्या. आणि अशा वेळी ज्याला वाचता येत नाही, त्याच्याकडे बोट दाखवायला मोकळं: आम्ही तर यूडी वापरला होता, तुमचंच काहीतरी बिघडलंय! सोयीसाठी निघालेली वस्तू वाचणाऱ्यालाच दोषी ठरवण्याच्या कामी येते. माझ्या दृष्टीने या विषयात पणाला लागलेली गोष्ट ही आहे.

आता दोन उदाहरणं शेजारी शेजारी ठेवतो. ती मला या सगळ्या विषयाचा गाभा वाटतात.

पहिलं रस्त्यावरचं. १९६३ मध्ये जपानचा पहिला द्रुतगती मार्ग, मेइशिन, वाहतुकीला खुला झाला. शंभराच्या वेगाने जाणाऱ्या चालकाला गावाचं नाव दुरून वाचता आलं पाहिजे. पण कांजीत वीस-वीस रेषा. लांबून त्यांचा काळा गोळा होतो. मग महामार्ग महामंडळाने पाट्यांसाठी स्वतःची अक्षरं आखली. लोक त्यांना 'कोदान मोजी', म्हणजे महामंडळाची अक्षरं, म्हणतात. त्यांनी काय केलं? गर्दीच्या अक्षरांतल्या रेषा सरळ गाळल्या. 'ताका', म्हणजे ससाणा, या अक्षराच्या आतल्या रेषा कमी करून टाकल्या. शब्दकोशाच्या दृष्टीने ते अक्षर चूक आहे. शाळेत तसं काढलं तर गुरुजी लाल रेघ मारतील. पण चालकाला ससाणा दिसतो! धर्मकीर्तींच्या भाषेत बोलायचं तर जे अर्थक्रिया करू शकतं ते खरं. ठरलेलं काम ते अक्षर पार पाडतं, म्हणून पाटीवर तेच खरं. २०१० पासून नव्या पाट्यांवर जपानी मजकुरासाठी हिरागिनो गॉथिक आला. जुनी अक्षरं लागतील तशी एकेक आखलेली होती, त्यात एकवाक्यता नव्हती, हे मान्य. हिरागिनो देखणा आहे, पूर्ण आहे, त्यात रेषा गाळलेल्या नाहीत. तरी त्या ओबडधोबड कोदान मोजीबद्दल मला जास्त आदर वाटतो. ती आखणाऱ्यांनी टंक निवडला नव्हता, वाचणारा निवडला होता.

दुसरं उदाहरण शाळेतलं. जपानी प्राथमिक शाळेची पुस्तकं 'क्योकाशो-ताई' या खास वळणात छापतात. हाताने लिहिताना अक्षर जसं येतं तसं ते दिसतं. कारण छापील वळण आणि हाताचं वळण यांत फरक असतो. हिरागानातले 'सा' आणि 'की' छापील गॉथिकमध्ये एका सलग रेषेने वळतात. हाताने लिहिताना तिथे कुंचला उचलतात, तुटक लिहितात. आता अडचण अशी, की क्योकाशो-ताईत कुंचल्याचा जाड-बारीक फरक आहे, आणि दृष्टी कमी असलेल्या मुलाला त्यातल्या बारीक रेषा दिसतच नाहीत. मग शिक्षक त्याला जाड गॉथिक देत. दिसायला लागायचं, पण आकार वेगळे. 'दिसतं तसं लिहू नकोस' असं त्या मुलाला सांगायचं! आधीच ज्याला कमी दिसतं त्याला हे सांगणं किती क्रूर आहे विचार करा.

ताकाता युमी या टंककार बाईंनी या पेचावर वर्षानुवर्षं काम केलं. २०१६ मध्ये मोरिसावाकडून 'यूडी डिजिटल क्योकाशो-ताई' बाहेर आला आणि पुढच्या वर्षी विंडोजमध्ये आला. हाताच्या वळणाची दिशा, उचल, वळसा कायम. पण रेषांची जाडी बऱ्यापैकी समान. वाचनाची अडचण असलेला एक मुलगा या अक्षरांतला मजकूर वाचू शकला आणि आपण ढ नव्हतो हे त्याला प्रथम कळलं, अशी हकीगत या टंकाबद्दल जपानमध्ये सांगितली जाते. डोळ्यात पाणी आणणारी गोष्ट आहे. पण टीकाकाराने पाणी पुसून पुढे विचारायला हवं. त्या हकीगतीमुळे हा टंक आता कुठेही दिसतो, दुकानाच्या सूचनांवर, कार्यालयीन सादरीकरणात, रेस्तराँच्या यादीत. तिथे कोणी अक्षर गिरवायला बसलेलं नाही! वळणाची उचल दाखवणं हे त्या टंकाचं मर्म, आणि तिथे त्या मर्माचा उपयोग शून्य. तो कोणाला तरी लाभला म्हणून सगळ्यांना लाभेल, ही व्याप्ती कुठून आणली?

बघा, कोदान मोजीत रेषा गाळणं हे चालकासाठी बरोबर होतं. तेच गाळणं लिहायला शिकणाऱ्या मुलासाठी अपाय. एकाची सोय ती दुसऱ्याची दिशाभूल.

या हाताच्या आणि छापील वळणावरून जपानमध्ये मोठी माणसंही भांडतात. १ एप्रिल २०१९ ला नव्या कालखंडाचं नाव 'रेइवा' असं जाहीर झालं. त्यातलं 'रेइ' हे अक्षर छापील मिंचोत खाली सरळ उभ्या रेषेने संपतं, आणि हाताने बहुतेक जण तिथे तिरका ठिपका देतात. बरोबर कुठलं, अशी चर्चा लगेच सुरू झाली. खरं तर सांस्कृतिक व्यवहार विभागाने २०१६ मध्येच सविस्तर मार्गदर्शिका काढून सांगितलं होतं की असे फरक हे वळणाचे फरक आहेत, दोन्ही चालतात, यावरून गुण कापू नयेत. पण छापलेलं तेच खरं, ही माणसाची श्रद्धा मार्गदर्शिकेने जात नाही.

आता पडद्यामागची एक गोष्ट, जिथे टंक काहीच करू शकत नाही. जपानमध्ये 'आमारीरू' नावाचं मधुमेहाचं औषध आणि 'आरुमारू' नावाचं रक्तदाबाचं औषध. काताकानात दोन्ही पाच-पाच चिन्हांची. पहिलं चिन्ह तेच, शेवटची दोन तीच, 'मा' दोन्हीत आहे, फक्त जागा बदलून. एकाच्या जागी दुसरं दिलं गेल्याचे प्रकार घडले. मधुमेह नसलेल्या माणसाला साखर उतरवणारी गोळी मिळणं म्हणजे काय, हे इथे बसलेल्या डॉक्टरांना सांगायला नको. अशा वेळी उत्तम यूडी टंक घ्या, प्रत्येक अक्षर लख्ख दिसेल, हांदोकुसेई पैकीच्या पैकी. तरी घोटाळा होणार! कारण घाईतला डोळा अक्षरं वाचत नाही, शब्दाची चण वाचतो. शेवटी रक्तदाबाच्या औषधाचं नावच बदललं. टंकनिवडीच्या बैठकीत बसलेल्या माणसाला 'हा प्रश्न माझ्या हातातला नाही, नाव बदला' असं म्हणण्याची हिंमत असली पाहिजे. ती मला फारशी दिसत नाही.

सलग वाचनाकडे येतो. इथे माझं मत जरा जुन्या वळणाचं आहे आणि ते मी लपवत नाही. बिअॅट्रिस वॉर्ड या इंग्लंडमध्ये काम केलेल्या बाईंनी १९३० मध्ये लंडनला एक प्रसिद्ध भाषण केलं. उत्तम मुद्रण म्हणजे स्फटिकाचा पेला, त्यातून आतली वारुणी दिसावी, पेला दिसू नये, असा त्याचा आशय. डिझाइनच्या शाळांत हे अजून आर्षवचनासारखं सांगतात. मला ते अर्धंच पटतं. पेला पारदर्शक, पण कोणाच्या डोळ्याला? माझ्या दोन्ही डोळ्यांचे मोतीबिंदू काढण्याआधी मला कुठलाच पेला पारदर्शक नव्हता. आणि ज्याची सवय नाही तो पेला कितीही स्वच्छ असला तरी दिसतोच. पारदर्शकता हीसुद्धा संयोगच.

तरी तिच्या म्हणण्यात एक खरं आहे: दीर्घ वाचनात अक्षर विसरलं गेलं पाहिजे. जपानी सलग मजकुरात हे विसरणं कशामुळे होतं? तर कांजी आणि काना यांच्या आकारातल्या फरकामुळे. कांजी दाट, मोठी. हिरागाना हलकी, थोडी लहान. डोळा कांजीवर पाय ठेवत जातो, मधला हिरागाना ओढ्यासारखा वाहतो. मोरिसावाचा १९८२ चा 'र्‍युमिन' घ्या, किंवा जियुकोबोच्या कारागिरांनी केलेला १९९३ चा 'हिरागिनो मिंचो' घ्या. उभ्या ओळीत मधे भरपूर जागा सोडून लावलेलं पान बघा. डोळ्याला ताल सापडतो. यूडी गॉथिकमध्ये काना मोठा केलेला असतो, प्रत्येक अक्षर आपला चौकोन भरून बसतं. पाटीवर ते फायद्याचं. पण दोनशे पानं तशी वाचा. सगळे एकाच उंचीचे सैनिक! शिवाय काताकानातला 'रो' आणि कांजीतलं 'तोंड', काताकानातला 'का' आणि कांजीतली 'शक्ती', या जोड्या मुळातच जुळ्या आहेत. मिंचोत कानाचा कल आणि आकार वेगळा असल्याने ती ओळखू येतात. काना फुगवलेल्या गॉथिकमध्ये तो आधारही जातो. हांदोकुसेई वाढवायला निघालेला टंक इथे तिलाच धक्का लावतो, असं माझं निरीक्षण आहे.

दुसरी बाजूही तितकीच खरी. मिंचोच्या बारीक आडव्या रेषा कमी दृष्टीच्या माणसाला, किंवा कमी प्रतीच्या पडद्यावर, नाहीशा होतात. मग अक्षराच्या जागी नुसते उभे खांब उरतात. म्हणून आडव्या रेषा जाड केलेले यूडी मिंचो निघाले आणि तो मला या सगळ्या प्रकरणातला सर्वांत समजूतदार प्रयोग वाटतो. संस्कृतीच्या नावाने मिंचोचा आग्रह धरणाऱ्यांशी माझं जमत नाही. खवल्याचा त्रिकोण सुंदर आहे, पण आजीला गोळीची मात्रा वाचता येण्यापुढे त्याची मातब्बरी नाही.

पडद्याचं थोडक्यात. विंडोजमधला 'मेइर्‍यो' २००७ साली व्हिस्टाबरोबर सर्वांपर्यंत पोचला. नावाचा अर्थच 'स्पष्ट'. कोनो एइइची आणि मॅथ्यू कार्टर यांचं काम. त्या काळच्या पडद्यांसाठी तो उपकारक होता. आडव्या ओळीसाठी घडवलेला, अंगाने रुंद. म्हणून तो छापील पुस्तिकेत आणला की बसका आणि ऐसपैस दिसतो. दोष टंकाचा नाही, जागेचा आहे.

आता एक मुद्दा खास आपल्या मंडळींसाठी, कारण पुण्यात बसून जपानी काम करणाऱ्यांकडून ही चूक हटकून होते. युनिकोडने चिनी, जपानी, कोरियन भाषांतली समान अर्थचिन्हं एकाच क्रमांकाखाली घातली. पण वळणं देशागणिक वेगळी. 'हाड' या अक्षराच्या वरच्या भागात एक छोटा कोपरा आहे. जपानमध्ये तो एका बाजूला, चीनमध्ये दुसऱ्या. 'सरळ' या अर्थाच्या अक्षराचा तर तळच वेगळा दिसतो. तुम्ही पानाला 'भाषा जपानी' अशी खूण दिली नाहीत, तर वाचणाऱ्याच्या यंत्रात जो टंक आधी सापडेल तो येतो, आणि जपानी वाक्यात मधेच चिनी वळणाचं अक्षर उगवतं. २०१४ मध्ये अडोबी आणि गूगलने मिळून जो मुक्त टंक काढला, गूगलकडे त्याचं नाव नोटो, त्यात ही सगळी देशी वळणं आहेत. पण भाषेची खूण दिल्याशिवाय त्याला तरी कसं कळणार?

हे तुम्हाला परकं वाटू नये. आपला 'ल' आणि आपला 'श' आठवा. मराठी बाळबोधीतला ल आणि हिंदीतला ल, क्रमांक एकच, वळण वेगळं. कित्येक टंकांत मूळ वळण हिंदीचं, आणि मराठी वळण मजकुराला मराठी म्हणून खूण दिली तरच, तेही टंककाराने ते घातलं असेल तर, येतं. हिंदी ल पाहून आपण जे क्षणभर अडखळतो ना, तेच जपानी वाचक चिनी वळण पाहून अडखळतो. वाचता येतं, पण 'हे माझ्यासाठी लिहिलेलं नाही' हेही कळतं. परवडणारी सोय म्हणून कोणी त्याकडे दुर्लक्ष करायला सांगितलं, तर आपण तरी ते मान्य करू नये.

तर फोन करणाऱ्यांना मी काय सांगतो? आधी चार गोष्टी विचारतो. कोण वाचणार, किती लांबून, किती वेळ, आणि चुकलं तर काय होईल. शेवटच्या प्रश्नाला सगळे गप्प होतात. औषधाच्या वेष्टनावर, बिलावर, अर्जावर मी बिनदिक्कत यूडी गॉथिक सांगतो. पैसे नसतील तर मोरिसावाचा 'बिझ यूडी गॉथिक' २०२२ पासून मुक्त परवान्याखाली उपलब्ध आहे आणि त्याचा 'बिझ यूडी मिंचो' हा जोडीदारही. वार्षिक अहवाल, लेख, पुस्तक असेल तर मिंचो, आणि ओळींमध्ये अक्षराच्या उंचीच्या निम्म्याहून जास्त जागा, शक्यतो पाऊणपट. ओळींमधली ही जागा टंकापेक्षा जास्त काम करते आणि तिला कोणी पैसे मागत नाही. मुलांच्या लेखनासाठी क्योकाशो-ताई, आणि वर्गात एकही कमी दृष्टीचं मूल असेल तर त्याचा यूडी प्रकार सगळ्यांनाच. त्या एका मुलाला वेगळं पुस्तक देऊ नका.

आणि मुद्रित तपासताना सुंदर वाक्यं टाकू नका. 'बा-पा, बि-पि, बु-पु' लावा. काताकानातले 'शि' आणि 'त्सु', 'सो' आणि 'न' शेजारी शेजारी लावा. हे फक्त रेषेच्या कलावरून ओळखायचे असतात. ३८, ६९, ८३ लावा. 'उत्सु', म्हणजे उदासी, हे एकोणतीस रेषांचं अक्षर लावा. २०१० मध्ये ते जोयो यादीत आलं तेव्हापासून ते छापावं लागणारच आहे. सगळं खऱ्या आकारात छापा, पडद्यावर चौपट मोठं करून नाही. मग तो कागद सत्तरीच्या पुढच्या जपानी माणसाकडे पाठवा, त्याच्या घरच्या दिव्याखाली वाचायला सांगा, आणि जिथे तो थांबला तिथे त्यालाच पेन्सिलीने खूण करू द्या.

समोरून वेळेची चिठ्ठी आली आहे. मागच्या रांगेत हात वर आहे, त्यांच्यापासून प्रश्न घेऊ.